न लिहिलेल्या एका अरबी ग्रंथाचा इतिहास

दमास्कसला राहणाऱ्या एका येमेनी कवीला इ. स. ७३८ साली भर दिवसा, लोकांच्या डोळ्यांदेखत, न दिसणाऱ्या एका श्वापदाने फाडून खाल्ले. कवीचे नाव अब्दुल अलहाझ्रेद. मरण्यापूर्वी त्याने 'अल-अझीफ' नावाचा ग्रंथ लिहून ठेवला होता. ९५० मध्ये कॉन्स्टँटिनोपलच्या थिओडोरस फिलेटसने तो ग्रीकमध्ये आणला आणि त्याला 'नेक्रोनॉमिकॉन' असे नाव दिले. १०५० मध्ये तिथल्या पॅट्रिआर्क मायकेलने, म्हणजे सर्वोच्च धर्मगुरूने, तो जाळला. १२२८ मध्ये ओलाउस वर्मियसने त्याचे लॅटिन भाषांतर केले आणि १२३२ मध्ये पोप नववा ग्रेगरी याने ग्रीक व लॅटिन अशा दोन्ही पोथ्यांवर बंदी घातली. मूळ अरबी प्रत तोवर नाहीशी झालेली होती. हा ग्रंथ वाचणाऱ्याची बुद्धी ठिकाणावर राहत नाही, असा त्याचा लौकिक. आणि कवीच्या मृत्यूची हकिकत सांगणारा साक्षीदार कोण, तर थोर चरित्रकार इब्न खल्लिकान.

या हकिकतीतला पोप खरा आहे, पॅट्रिआर्क खरा आहे, इब्न खल्लिकान तर अगदीच खरा. ग्रंथ मात्र कधी नव्हता आणि त्याचा कवीही नव्हता. एच. पी. लव्हक्राफ्ट (१८९०–१९३७) या अमेरिकन भयकथाकाराने दोन्ही रचले. ऱ्होड आयलंड राज्यातल्या प्रॉव्हिडन्स गावी त्याचे जवळजवळ सारे आयुष्य गेले. १९२१ साली लिहिलेल्या 'द नेमलेस सिटी' या कथेत अलहाझ्रेद पहिल्यांदा येतो. ग्रंथाचे नाव येते ते 'द हाउंड' या कथेत, जी 'वीअर्ड टेल्स' मासिकात १९२४ साली छापली गेली. पुढे १९२७ मध्ये त्याने या ग्रंथाचा एक छोटा, अगदी विद्वानी थाटाचा इतिहासच लिहून काढला. वर दिलेल्या तारखा त्यातल्याच. तो छापला गेला त्याच्या मृत्यूनंतर, १९३८ मध्ये.

भयकथांच्या शौकिनांचा हा मामला. त्याच्याशी आपल्याला काय कर्तव्य, असे कुणी म्हणेल. आम्हांला कर्तव्य वाटते ते एवढ्याचसाठी की, गेल्या शतकात अमेरिका-युरोपातल्या सामान्य वाचकाला एखाद्या अरबी ग्रंथाचे नाव विचारले तर 'अलिफ लैला'नंतर जी नावे त्याला आठवतील, त्यांत हे एक असण्याचा संभव आहे. अल-बिरुनीचे नाव आठवणार नाही, इब्न रुश्दचे आठवणार नाही. आणि या ग्रंथाच्या कर्त्याला त्याच्या निर्मात्याने दिलेले कायमचे बिरुद आहे, 'वेडा अरब'.

आधी नावाचेच पाहू. 'अब्द' म्हणजे बंदा, सेवक. 'अब्दुल' हे पूर्ण नाव नव्हेच. अब्द आणि 'अल' मिळून ते अर्धवट लोंबकळते, पुढे रहमान, कादिर, करीम असे काही आल्याशिवाय त्याला अर्थ येत नाही. शाळेच्या हजेरीपटावर आणि रेशनकार्डावर 'अब्दुल' एका रकान्यात व 'करीम' दुसऱ्या रकान्यात पडल्याचा अनुभव आपल्यापैकी पुष्कळांच्या घरी असेल. लव्हक्राफ्टने 'अब्दुल'मध्ये 'अल' आहे हे न कळून पुढे पुन्हा 'अल' लावला, आणि 'हाझ्रेद' असा शब्द तर अरबीत नाहीच. म्हणजे ज्याने अरबस्तानचे सर्वात भयंकर रहस्य लिहिले, त्याला स्वतःचे नाव धड अरबीत सांगता येत नव्हते.

हे हसून सोडून देता आले असते. पण या नावाचा जन्म कसा झाला, हे त्याने स्वतःच नोंदवून ठेवले आहे आणि ती गोष्ट काहीशी चटका लावणारी आहे. पाच-एक वर्षांचा असताना त्याच्या हाती 'अरेबियन नाइट्स' आले. पोरगे त्यात इतके रमले की त्याने आईकडे हट्ट धरून खोलीचा एक कोपरा अरबी पद्धतीने सजवून घेतला, पूर्वेकडची भांडीकुंडी जमवली, आपण निष्ठावंत मुसलमान आहोत असे घरात जाहीर केले आणि अब्दुल अलहाझ्रेद हे नाव धारण केले. वडील वेड्यांच्या इस्पितळात, घर आजोबांचे. अशा त्या एकाकी मुलाला बगदादच्या बाजारात आसरा सापडला होता. १९२२ च्या एका आत्मनिवेदनात त्याने ही हकिकत कौतुकाने सांगितली आहे.

त्यानंतर दोनच वर्षांनी तो न्यूयॉर्कला राहायला गेला. ब्रुकलिनमध्ये त्याच्या शेजारच्या खोलीत एक सीरियन राहत असे. हा सीरियन रात्री कसलेसे वाद्य वाजवी आणि त्या सुरांनी लव्हक्राफ्टच्या अंगावर काटा येई, असे त्याच्या पत्रांत आहे. ज्या मुलाने अरब होण्याचा हट्ट धरला होता, त्याला हाडामांसाचा अरब भिंतीपलीकडे राहायला आला तेव्हा सोसला नाही. १९२५ साली त्याने लिहिलेल्या 'द हॉरर ॲट रेड हूक' या कथेत बंदराकाठची स्थलांतरितांची वस्ती ही सैतानपूजकांची बीळ होऊन येते. त्यात कुर्द यझिदीही ओढले आहेत. त्याच्या पत्रांतला वंशद्वेष तर कथांहून उघडा आहे. जागतिक फँटसी पुरस्काराचे स्मृतिचिन्ह म्हणून दिला जाणारा त्याचा अर्धपुतळा २०१५ साली बंद करण्याचे जाहीर झाले ते याच कारणाने. मोठा कल्पक लेखक होता, यात वाद नाही; त्याचे वाचक आम्हीही आहोत. पण कल्पकतेचा कच्चा माल कुठून उचलला जातो, ते पाहायला हरकत नसावी.

उचललेला माल तसा अस्सल होता. 'अझीफ' हा खराखुरा अरबी शब्द आहे. रात्री वाळवंटात वारा वाळूवरून घोंघावतो तेव्हा जो आवाज येतो, तो जिन्नांचा, अशी बदाऊंची समजूत. तो आवाज म्हणजे अझीफ. इस्लामपूर्व अरबी कवितेत हा शब्द येतो. लव्हक्राफ्टला तो अरबीतून मिळाला नाही. विल्यम बेकफर्ड नावाच्या इंग्रज धनिकाने 'व्हाथेक' नावाची कादंबरी लिहिली होती. १७८६ साली ती इंग्रजीत छापली गेली तेव्हा सॅम्युएल हेन्ली याने तिला लांबलचक टिपा जोडल्या. त्या टिपांतून हा शब्द प्रॉव्हिडन्सला पोचला. व्हाथेक म्हणजे अब्बासी खलिफा अल-वासिक (कारकीर्द ८४२–८४७). कादंबरीतला खलिफा निषिद्ध ज्ञानाच्या हव्यासाने इब्लिसच्या दरबारात जातो. खऱ्या अल-वासिकच्या काळात बगदादेत ग्रीक वैद्यक आणि तत्त्वज्ञान अरबीत आणणारे भाषांतरकार कामाला बसलेले होते. हव्यास म्हणायचा तर तोही ज्ञानाचाच.

तसेच 'इरम'चे. अलहाझ्रेदने रुब-अल-खाली वाळवंटात दहा वर्षे एकट्याने काढली आणि स्तंभांचे शहर इरम पाहिले, असे लव्हक्राफ्ट सांगतो. कुरआनशी ओळख असलेल्या वाचकाला इरम कुठले ते सांगायला नको. सूरह अल-फज्रमध्ये आदच्या लोकांबरोबर त्याचा उल्लेख येतो आणि तो येतो बळाच्या माजाचे काय होते, हे दाखवण्यासाठी. तिथे गूढ काहीच नाही. लहान पोरालाही कळेल असा तो इशारा आहे. भयकथेत येताना इशारा गळून पडला, उरले फक्त खांब आणि अंधार.

या साऱ्यात आम्हांला सर्वात खटकते ती इब्न खल्लिकानची साक्ष. लव्हक्राफ्ट त्याला बाराव्या शतकात टाकतो. हा गृहस्थ जन्मला १२११ साली इराकमधल्या इरबिलला आणि वारला १२८२ साली दमास्कसला. दमास्कसचा तो मुख्य काझी होता. त्याचा 'वफयातुल अअयान' हा नामवंतांच्या चरित्रांचा कोश जगन्मान्य आहे. एकोणिसाव्या शतकात द स्लेन याने त्याचे इंग्रजी भाषांतर केले. 'वफयात' म्हणजे मृत्यूच्या नोंदी. ज्याच्या मृत्यूचे साल पक्के करता येईल त्याचेच चरित्र घ्यायचे, असा त्याने स्वतःला नियम घालून घेतला होता. एका तारखेसाठी खस्ता खाणारा हा माणूस. न्यायासनावर बसून उभा जन्म साक्षी तपासल्या, त्याच्याच नावावर सातशे वर्षांनी ही खोटी साक्ष चढवली गेली. गंमत अशी की, लव्हक्राफ्टला हे नाव हवे होते ते त्याच्या विश्वासार्हतेसाठीच. थाप पचायची तर पुराव्याला खरा माणूस लागतो.

अलहाझ्रेदच्या काळातले खरे दमास्कस मात्र पाहण्यासारखे आहे. उमय्यांची ती राजधानी. खलिफा अब्दुल मलिकने (कारकीर्द ६८५–७०५) दिवाणाचे हिशेब ग्रीकमधून अरबीत आणले, नवी नाणी पाडली. त्याच्या मुलाने, वलीदने, शहरातली ती प्रसिद्ध मशीद उभारली. कागद अजून आलेला नव्हता; तो इस्लामी जगात रुजला आठव्या शतकाच्या उत्तरार्धात. लिहायचे ते पपायरसवर नाहीतर चामड्यावर, म्हणून जाडजूड ग्रंथांचा जमाना यायचा होता. कविता बहुतेक तोंडपाठ फिरत. पण निषिद्ध विद्येचा शौकीन म्हणता येईल असा एक माणूस तिथे खरोखर होता. खलिफा यझीदचा मुलगा खालिद. गादी दुसऱ्या शाखेकडे गेली, राजपुत्र मोकळा झाला आणि किमयागारीच्या मागे लागला. इजिप्तमधून त्याने ग्रीक जाणणारे पंडित बोलावले, किमयेचे ग्रंथ अरबीत करवून घेतले आणि इस्लामच्या काळात एका भाषेतून दुसरीत झालेले हे पहिले भाषांतर, असे इब्न नदीमने नमूद केले आहे. आजचे संशोधक या हकिकतीला निम्मी दंतकथा मानतात. दंतकथा असली तरी तिचा कल बघा. गादी हुकलेला राजपुत्र ग्रंथ भाषांतरित करून घेतो, असे अरबांना आपल्या पूर्वजाविषयी सांगावेसे वाटले.

लव्हक्राफ्टच्या बनावट तारखा खऱ्या इतिहासाशेजारी ठेवल्या की आणखी काही दिसते. त्याच्या मते ९५० मध्ये अरबीतला शापित ग्रंथ कॉन्स्टँटिनोपलला ग्रीकमध्ये गेला. प्रत्यक्षात याच सुमारास, ९४८ च्या आसपास, कॉन्स्टँटिनोपलच्या बादशहाने कॉर्दोव्हाच्या खलिफाला, तिसऱ्या अब्दुर्रहमानला, एक ग्रीक ग्रंथ नजराणा म्हणून पाठवला. डायोस्कोरिडीसचा वनौषधींवरचा सचित्र ग्रंथ. कॉर्दोव्हात ग्रीक नीट जाणणारे कुणी नव्हते, म्हणून मागाहून ९५१ मध्ये निकोलस नावाचा साधू आला. मग मुसलमान आणि ज्यू वैद्य त्याच्याबरोबर बसले आणि कुठल्या ग्रीक नावाची वनस्पती स्पेनच्या रानात कुठल्या नावाने उगवते, हे एकेक करून ठरवत गेले. आम्हांला तर ही मैफल कुठल्याही भयकथेहून रोमांचक वाटते.

दुसरी तारीख १२२८. ओलाउस वर्मियस हा खरा माणूस, पण तो डॅनिश वैद्य होऊन गेला सतराव्या शतकात. लव्हक्राफ्टने त्याला चारशे वर्षे मागे ढकलले. त्या काळात अरबीतून लॅटिनमध्ये खरे काम करीत होता मायकेल स्कॉट. आणि त्याने भाषांतरित केलेल्या ग्रंथांत एक होता कॉर्दोव्हाच्या इब्न रुश्दचा (११२६–११९८), ॲरिस्टॉटलच्या आत्मा या विषयावरील ग्रंथाचे मोठे भाष्य.

इथे आम्ही थोडे थांबणार आहोत, कारण नेक्रोनॉमिकॉनचे म्हणून जे जे सांगितले जाते ते ते या पुस्तकाच्या बाबतीत खरेच घडलेले आहे. त्याची मूळ अरबी प्रत हरवली. काही तुकडे सोडले तर ते आज लॅटिनमध्येच वाचता येते. चर्चने त्याचा धसका घेतला. पोप नववा ग्रेगरी, तोच तो, त्याने १२३१ मध्ये पॅरिसच्या विद्यापीठात शिकवल्या जाणाऱ्या ॲरिस्टॉटलच्या ग्रंथांतला आक्षेपार्ह भाग काढून टाकण्यासाठी समिती नेमली. १२७० मध्ये थॉमस अक्वायनसने इब्न रुश्दच्या अनुयायांविरुद्ध स्वतंत्र पुस्तिका लिहिली. १२७७ मध्ये पॅरिसच्या बिशपने २१९ विधाने निषिद्ध ठरवली, त्यांत या पंथाची पुष्कळ होती. आणि हे भयानक ज्ञान होते तरी काय? विचार करणारी बुद्धी ही प्रत्येकाची वेगळी नसून साऱ्या मानवजातीची मिळून एकच आहे, असे इब्न रुश्दच्या वाक्यांतून निघत होते. अरब, फ्रँक, ज्यू जेव्हा एकच सत्य जाणतात, तेव्हा एकच बुद्धी ते जाणत असते. ते पटो न पटो. युरोपला चारशे वर्षे झोप लागू न देणारा खरा अरबी ग्रंथ हा होता, आणि त्यात एकही राक्षस नव्हता.

तो हरवला मात्र एकट्या परक्यांमुळे नव्हे. ११९५ मध्ये, सत्तरीकडे झुकलेल्या इब्न रुश्दला अल-मोहद खलिफा याकूब अल-मन्सूरने ल्युसेना गावी हद्दपार केले आणि त्याची तत्त्वज्ञानाची पुस्तके जाळवली. वैद्यक, गणित, ज्योतिष वगळून. पुढे माफी झाली, पण माफीनंतर म्हातारा फार दिवस जगला नाही. त्याचे ग्रंथ जिवंत राहिले ते बरेचसे ज्यू भाषांतरकारांच्या हिब्रूत आणि ख्रिस्ती भाषांतरकारांच्या लॅटिनमध्ये. मग तीनशे वर्षांनी ग्रॅनडाच्या बिब-रंबला चौकात कार्डिनल सिस्नेरोसने अरबी पुस्तकांची होळी केली. किती जळाली यावर अजून वाद आहे. वैद्यकाची तेवढी त्यानेही वगळली आणि आल्कालाच्या विद्यापीठाला पाठवली. आजारपण आले की दोन्हीकडच्या जाळणाऱ्यांना अरबी वैद्य हवाच होता.

त्याच आल्कालात १५४७ साली सर्व्हांतेस जन्मला. त्यानेही एक अरबी ग्रंथ कल्पनेने रचला आहे, आणि लव्हक्राफ्टच्या ग्रंथाशेजारी तो ठेवून पाहावा. 'डॉन किहोते'च्या (१६०५) नवव्या प्रकरणात निवेदक टोलेडोच्या बाजारात हिंडत असतो. एक पोरगा जुन्या वह्या रद्दीत विकायला आलेला असतो. वही अरबीत. निवेदक तिथल्या तिथे अरबी जाणणारा एक मोरिस्को, म्हणजे जबरीने ख्रिस्ती केलेला मुसलमान, गाठतो. तो वही उघडतो आणि खो खो हसायला लागतो. डॉन किहोतेची सगळी हकिकत त्या वहीत असते, लेखक सीदी हामेते बेनेन्हेली. थोड्या मनुका आणि थोडे गहू या मोबदल्यावर मोरिस्को दीड महिन्यात सारे भाषांतर करून देतो. अरब लेखक खोटे बोलतात अशी कोपरखळी निवेदक मारतो खरी, पण अख्खी कादंबरी याच अरबाच्या भरवशावर चालते. दुसऱ्या भागात सांचो त्याच्या नावाचा अपभ्रंश करून त्याला 'वांगी'च म्हणून टाकतो. हे लिहिले जात होते तेव्हा स्पेनमध्ये अरबी बोलण्या-लिहिण्यावर १५६७ पासून बंदी होती, आणि १६०९ ते १६१४ या काळात मोरिस्को देशाबाहेर घालवले गेले. स्वतः सर्व्हांतेसने अल्जिअर्सला पाच वर्षे मुसलमानांच्या कैदेत काढली होती. द्वेष करायला लव्हक्राफ्टपेक्षा त्याच्याकडे कारणे जास्त होती. तरी त्याने कल्पिलेले अरबी पुस्तक वाचणारा हसतो; अमेरिकेत कल्पिलेले वाचणारा वेडा होतो.

लव्हक्राफ्टला पत्र लिहून ग्रंथाविषयी विचारणाऱ्या वाचकांना तो सरळ कळवीत असे की हे सारे माझ्या डोक्यातले आहे. त्याच्यामागे आलेल्यांनी एवढी सचोटी ठेवली नाही. ग्रंथालयांच्या कार्डपेट्यांत खोडसाळ विद्यार्थ्यांनी नेक्रोनॉमिकॉनची कार्डे सरकवली. १९७३ मध्ये 'अल-अझीफ' म्हणून एक पुस्तक निघाले, त्यात अरबीसारख्या दिसणाऱ्या निरर्थक रेघोट्यांची पाने होती. प्रस्तावनेत ते इराकमध्ये विकत मिळाल्याची लोणकढी थाप. तो निदान विनोद होता. १९७७ मध्ये 'सायमन' अशा टोपणनावाने आलेले नेक्रोनॉमिकॉन गंभीरपणे विकले गेले. त्यात सुमेर-बाबिलोनच्या देवतांचे मंत्र आहेत आणि अरबीशी त्याचा काही संबंध नाही. ते पुन्हापुन्हा छापले गेले, आणि ते समोर ठेवून कर्मकांड करणारी माणसेही निघाली.

आता कुणी विचारील, अरबीत जादूटोण्याचे ग्रंथ नव्हतेच का? होते, भरपूर होते. मात्र ते लपलेले नव्हते. ९८७-८८ मध्ये (हिजरी ३७७) बगदादच्या इब्न नदीमने, पुस्तकविक्याच्या या मुलाने, 'अल-फिहरिस्त' ही अरबी ग्रंथांची सूची तयार केली. तिच्या आठव्या भागात जिन्न वश करणाऱ्यांची, गारुड्यांची, तिलस्म करणाऱ्यांची पुस्तके लेखकांच्या नावानिशी दिली आहेत. त्याच भागात रात्री सांगायच्या गोष्टींची पुस्तकेही आहेत, आणि त्यांत 'हजार अफसाना', म्हणजे 'अलिफ लैला'चे मूळ. इब्न नदीमला ते फारसे आवडले नव्हते. जे पुस्तक वाचून प्रॉव्हिडन्सचा पोरगा अब्दुल झाला, ते आणि जादूची पुस्तके बगदादच्या त्या सूचीत शेजारी शेजारी बसलेली आहेत.

यांतला सर्वात गाजलेला ग्रंथ 'गायतुल हकीम'. दहाव्या शतकात स्पेनमध्ये लिहिला गेला. ग्रहांच्या शक्ती तिलस्मात कशा उतरवायच्या याचे शास्त्र त्यात आहे. १२५६ मध्ये कॅस्टिलच्या दहाव्या अल्फोन्सोने, ख्रिस्ती राजाने, तो मुद्दाम भाषांतरित करवून घेतला. पुढे 'पिकाट्रिक्स' या लॅटिन नावाने तो युरोपभर फिरला. मूळ अरबी प्रत हरवली नाही की कुणाला वेड लागले नाही. १९३३ मध्ये हेल्मुट रिटर याने तिची मुद्रित आवृत्ती काढली. इब्न खल्दूनने 'मुकद्दिमा'त या ग्रंथाची दखल घेतली आहे. जादू ही शरियतने हराम ठरवलेली, हे तो ठणकावून सांगतो. आणि सांगण्यापूर्वी ती कशी चालते म्हणतात, याचे व्यवस्थित वर्णन करतो. निषिद्ध ज्ञानाविषयी आपल्या पूर्वसुरींची ही रीत होती. आधी वाचायचे, मग नाकारायचे.

आपली आजची रीत याहून वेगळी आहे, हे कबूल करायला हवे. बुनीच्या नावावर असलेल्या 'शम्सुल मआरिफ'चे नुसते नाव काढले तरी आवाज खाली आणणारी माणसे आपल्यात आहेत. तावीजात बंद केलेल्या नऊ घरांच्या नक्शात काय असते, हे बांधणाऱ्याला ठाऊक नसते. असतात एक ते नऊ आकडे, आडवे, उभे, तिरपे कसेही मिळवले तरी बेरीज पंधरा. चार कोपऱ्यांतल्या दोन, चार, सहा, आठ यांची अब्जदप्रमाणे अक्षरे केली की 'बदूह' हा शब्द होतो. पाचवीतल्या मुलाला शाळेत कोडे म्हणून घालावे असे हे गणित. अरबी अक्षरांना भिणारा अमेरिकन वाचक आणि अरबी अक्षरे केशराने लिहून पाण्यात घोळवून पिणारा आपला भाऊ, यांत आम्हांला फार अंतर दिसत नाही. ती अक्षरे दोघांनाही वाचता येत नाहीत. कोकणातल्या भुतांच्या जंत्रीत एक खवीस आहे. तो पुष्कळ ठिकाणी मुसलमानाचे भूत मानला जातो. शब्द अरबी 'खबीस'चा, अर्थ नुसता दुष्ट. न कळलेल्या शब्दाला हातपाय फुटायला प्रॉव्हिडन्सलाच जावे लागते असे नाही.

आणि गूढविद्येचा खरा, प्राचीन, सचित्र ग्रंथच कुणाला पाहायचा असेल तर तो आपल्या दख्खनमध्ये तयार झाला आहे. विजापूरचा 'नुजूमुल उलूम', साल १५७०. ग्रहनक्षत्रे, तिलस्म, मंत्र, हत्यारे असा त्याचा आवाका. कर्ता कोण ते पुष्कळ काळ ठरत नव्हते. अलीकडच्या संशोधनाने तो खुद्द पहिल्या अली आदिलशाहाचा (कारकीर्द १५५८–१५८०) मानला आहे. तालिकोटच्या लढाईत उतरलेला, चांदबिबीचा नवरा, तोच. फारसी मजकुरात त्याने 'रूहानी' म्हणून ज्या शक्तींची वर्णने आणि चित्रे दिली आहेत, त्या आपल्याकडच्या योगिनींशी नाते सांगतात. अरबी तिलस्म आणि संस्कृत मंत्रशास्त्र एकाच जिल्दीत बांधलेले. या बादशहाच्या ग्रंथालयाचा प्रमुख शेष वामन पंडित होता, हे कळल्यावर त्याचे नवल वाटत नाही. विजापूरच्या आसार महालात उरलेली अरबी-फारसी हस्तलिखिते १८५३ मध्ये लंडनला नेण्यात आली. 'नुजूमुल उलूम' गेला आणखी पुढे, आयर्लंडमध्ये डब्लिनच्या चेस्टर बीटी ग्रंथालयात. त्याच्यावर बंदी कुणी घातलेली नाही आणि तो वाचून कुणी वेडे झाल्याची नोंदही नाही. फारसी आणि संस्कृत दोन्ही जाणणारा माणूस तेवढा हवा.